काट्यावरचा जवळा

रिकाम्या कंटेनरमध्ये शिरायचं, बाहेरून दरवाजे लावून घ्यायला सांगायचं आणि अंधारात उभं राहून कुठून उजेड येतो का ते बघायचं, याचा मला पगार मिळतो. पत्र्याला टाचणीएवढं भोक असलं तरी आत उजेडाचा ठिपका उमटतो. ठिपका दिसला की पेटी दुरुस्तीला पाठवायची. नाही दिसला की वास घ्यायचा, लाकडी तळ पायाने दाबून बघायचा आणि शेरा मारायचा: एम्टी, ठीक. उरणच्या एका यार्डात मी हे काम लग्नानंतर लगेच धरलं. सासूबाई सगळ्या करंजा कोळीवाड्यात सांगत फिरायच्या, "लोकांच्या सुना हापिसान पंख्याखाली बसतान, आमची ज्योत्स्ना पत्र्याच्या डब्यान कोंडून घेते."

एम्टी तपासता तपासता मला जगाचा व्यापार कळायला लागला, असं म्हटलं की माझी मुलगी हसते. पण खरंच सांगते. चीनकडून येणारी पेटी भरलेली आणि चीनकडे जाणारी रिकामी. अमेरिकेत तर म्हणे रिकाम्या पेट्यांचे डोंगर लागले होते. घेणारे घेतच राहिले, देणारे देतच राहिले आणि मधल्या मध्ये नुसते उधारीच्या रोख्यांचे कागद साचले. असं किती दिवस चालणार? एका हिवाळ्यात देणाऱ्यांनी कागद घ्यायचं नाकारलं, घेणाऱ्यांनी दारं लावून घेतली आणि बंदरं थंड पडली. मग मोठमोठ्या देशांनी नाक मुठीत धरून एक करार केला. त्यातून काटा आला. कागदोपत्री त्याचं नाव जागतिक समतोल यंत्रणा. बंदरावर सगळे काटाच म्हणतात.

काटा म्हणजे गणित करणारं एक अफाट यंत्र. कुठल्या देशाला कुणाकडून काय हवंय, हे सगळं त्याला क्षणोक्षणी ठाऊक असतं. पैशावर त्याचा विश्वास नाही. त्याला गोल लागतो. समजा, मला शेजारणीचे तांदूळ हवेत, शेजारणीला माझी जाऊ हेमांगी हिच्याकडचं तेल हवं आहे आणि हेमांगीला माझ्याकडची चिंच हवी आहे. तिघींचं एकाच वेळी भागतं आणि कुणी कुणाचं देणं लागत नाही. असा गोल जुळला की तेवढा माल काटा सोडतो. नाही जुळला तर माल बंदरात बसून राहतो, मग तो सोन्याचा असो की औषधाचा. पेटीच्या सीलमध्ये एक यांत्रिक नाक बसवलेलं असतं. आत काय आहे, किती आहे ते त्याला हुंगून आणि तोलून कळतं, त्यामुळे थापा चालत नाहीत. आणि गोलातून किती माल वाहणार हे ठरतं त्यातल्या सगळ्यात बारीक धारेवर. तेल बुधलाभर असलं आणि चिंच चिमूटभर, तर तेलही चिमटीएवढंच सुटणार.

हे सगळं मी हौसेने शिकले नाही. माझ्या नवऱ्याच्या दोन्ही किडन्या गेल्या आहेत. रक्त शुद्ध करायचा जो फिल्टर असतो तो आपल्याकडे जोडतात, पण त्याच्या आतले केसासारखे पोकळ तंतू जर्मनीहून येतात. जर्मनीला द्यायला आपल्याकडे वस्तू नव्हत्या असं नाही, पण जे काही आपण जगाला पाठवत होतो ते सगळं जुने असमतोल भरून काढण्यात जात होतं. नवा गोल जुळायला नवी मागणी लागते, आणि आपलं नवं काही कुणाला नको होतं. उरणच्या डायलिसिस केंद्रात आठवड्याच्या तीन पाळ्यांच्या दोन झाल्या. एकेक फिल्टर धुऊन धुऊन वापरायला लागले.

माझा नवरा जयेंद्र बोटीचा तांडेल, म्हणजे कप्तान; जयेंद्र तांडेल हे करंजाच्या धक्क्यावरचं मोठं नाव. वाऱ्याचा नुसता वास घेऊन तो बोट माघारी फिरवायचा. आता त्याला दिवसाला मोजकंच पाणी. तहान लागली की मी बर्फाचा तुकडा देते, तो गालात धरून बसतो. त्याच्या डाव्या मनगटाशी डायलिसिसच्या सुयांसाठी शीर जोडून घेतलेली आहे, तिथे बोट ठेवलं की आतून रक्त घरघरताना कळतं. रोज चहाचं आधण ठेवण्याआधी मी तिथे बोट ठेवते. तो म्हणतो, "चालू हाय इंजान, जा."

तर अशा दिवसांत तो डबा सापडला. चीनच्या पूर्व किनाऱ्यावरून आलेली एक पेटी मी तपासत होते. माल उतरलेला, आत झाडलेलं, आणि दरवाज्यामागच्या कडीला एक स्टीलचा जेवणाचा डबा लटकत होता. झाकणावर लाल रंगात त्यांची अक्षरं. तिकडे माल भरताना कुणीतरी अडकवला आणि विसरला. तळाला भाताची शितं वाळून चिकटली होती. नियमाप्रमाणे तो भंगाराच्या पिंपात टाकायला हवा होता, पण कष्टकऱ्याचा जेवणाचा डबा भंगारात टाकायला माझा हात होईना. काट्याच्या राज्यात पेटी जिथून आली तिथेच परत जाते, म्हणजे डबाही मालकाच्या हाती लागला असता. मी तो घरी नेला, लख्ख घासला. घासल्यावर मला तो प्रश्न पडला जो आमच्याकडच्या कुठल्याही बाईला पडला असता: रिकामा कसा पाठवायचा?

आमच्यात शेजारणीचं भांडं रिकामं परत करत नाहीत. अगदी काही नसलं तर साखरेचे चार दाणे तरी घालतात. माझ्या घरात जवळा होता. जवळा म्हणजे तांदळाच्या दाण्याहून जरा मोठी, उन्हात वाळवलेली बारीक कोळंबी. कांद्यावर परतली की गल्लीच्या तोंडाशी वास जातो. तीन पिशव्यांत गुंडाळून मी डबा गच्च भरला आणि त्याच कडीला अडकवला. रिकाम्या पेटीला सील नसतं, म्हणून हुंगणारं नाकही नव्हतं. ज्या वासासाठी मी पेट्या नापास करते तोच वास स्वतःच्या हाताने आत ठेवला आणि शेरा मारला: एम्टी, ठीक.

काही आठवड्यांनी डबा परत आला. आत लाल खजुरासारखी सुकलेली फळं आणि एक फोटो. पिवळी हेल्मेट घातलेले पाच-सहा कामगार हसत होते आणि त्यातल्या एकाने तोच डबा उलटा करून दाखवला होता, पार रिकामा. जयेंद्रने फोटो बराच वेळ बघितला. "खाल्ला ग त्यांनी," म्हणाला. मग त्याला फळ खायचं होतं, पण किडनीवाल्याला ते चालत नाही, म्हणून त्याने नुसतं हुंगलं.

मी पुन्हा जवळा पाठवला, पिशवीवर इंग्रजीत 'करंजाचा जवळा' असं लिहून. एका डब्याचे तीन डबे झाले. मला वाटलं होतं, ही आपली दोन यार्डांतली गंमत आहे.

एका रविवारी मृण्मयी घरी आली ती धावतच. माझी मुलगी बेलापूरला काट्याच्या कचेरीत असते, उरण बंदराच्या नोंदी तिच्याच टेबलावर येतात. चप्पल काढायच्या आधी म्हणाली, "आई, फिल्टर सुटणार! गोल जुळला जर्मनीचा!"

मी देवापाशी दिवा लावला. जयेंद्र हसला. मृण्मयी तशीच ताटावर बसली. मग तिने ताटात शितांचे तीन ढीग मांडले.

"हे बघ. जर्मनीचे तंतू आपल्याला. चीनची मोटारींची चुंबकं जर्मनीला. ह्या दोन कड्या कधीपासून नुसत्या लोंबकळत होत्या. तिसरी कडी नव्हती, आपल्याकडून चीनला जाणारी. ती परवा अचानक आली. तिकडच्या कुठल्याशा यार्डातल्या लोकांनी मागणी नोंदवली आहे. त्यांच्या किनाऱ्यावर पूर्वी मिळायचा, समुद्र तापला तसा संपला. आई, कसली मागणी आहे माहीत आहे?"

मी भात कालवत होते. हात थांबला.

"करंजाच्या जवळ्याची," ती म्हणाली. "आता मला सांग, त्यांना करंजा कसं कळलं?"

मी डब्याचं सांगितलं. तिने कपाळावर हात मारला. "आई! एम्टीत माल? तेही खाण्याचा? तुझी नोकरी गेली असती ना!"

"रिकामा कसा पाठवायचा ग?"

जयेंद्रला हसू आवरेना. हसता हसता त्याला दम लागला, म्हणून मी त्याच्या पाठीला उशी लावली. "मंजे माजा रगात आता जवल्यावर चालतंय," तो म्हणाला.

"हो बाबा," मृण्मयी म्हणाली, पण ती हसत नव्हती. "जर्मनीकडे तंतूंचे ढीग आहेत. चुंबकंही ढिगाने. ह्या गोलातली सगळ्यात बारीक धार जवळा आहे. जेवढा जवळा जाईल तेवढेच फिल्टर येतील."

पुढच्या आठवड्यात माझं नाव पुरवठादार म्हणून नोंदलं गेलं. दर सोमवारी दुपारी बाराच्या आत मृण्मयीला आकडा कळवायचा: या आठवड्यात किती किलो. आकडा दिला की पेटीत तेवढा माल जायलाच हवा. खोटा आकडा दिला तर नाकाला कळतं आणि करंजाचं नाव कायमचं बाद होतं. आकडा शून्य आला तर कडी सुटते, आणि पुन्हा जुळवायची तर नव्याने अर्ज, नव्याने रांग.

सुरुवातीचे दिवस लग्नघरासारखे गेले. खाडीकाठच्या वाळवणांवर बायका गाणी म्हणत जवळा पसरत होत्या. केंद्रात तिसरी पाळी परत सुरू झाली. जयेंद्रच्या पायाची सूज उतरली, एक दिवस तो आपल्या पायांनी धक्क्यापर्यंत जाऊन आला. लोक मला वाटेत थांबवून म्हणायचे, जोत्स्नावैनी, तुज्या डब्यानं कमाल केली. मी पण जरा ताठ चालायला लागले, खोटं कशाला बोलू.

पण काट्याची भूक वाढत गेली. तिकडे मागणी वाढली तसा जवळ्याचा भाव चढला. बाहेरगावचे व्यापारी धक्क्यावर उभे राहायला लागले. करंजातल्या पोरांच्या ताटातून जवळा गेला, कारण एक वाटी जवळ्यात आता आठवड्याचा भाजीपाला येत होता. दुसऱ्या गावचा माल पाठवून पाहिला तर तिकडच्यांनी चव ओळखून परत केला. आणि मी? मी वाळवणावर उभी राहून कावळे हाकलत होते. एका कावळ्याने चोचभर जवळा नेला तर माझ्या तोंडून शिवी निघाली. चोचभर जवळा म्हणजे किती तंतू, हे माझ्या डोक्यात चालू असायचं. झोपेतही तेच. ज्या बाईने परमुलखातल्या अनोळखी माणसाचा डबा गच्च भरून दिला होता, ती आता कावळ्याशी हिशेब करत होती.

मग जून आला आणि मासेमारी बंद झाली. हे दोन महिने माशांच्या विणीचे. सरकारी बंदी तर असतेच, पण बंदी नसती तरी या दिवसांत शहाणा कोळी बोट बाहेर काढत नाही, समुद्र माणूस ओळखत नाही. नारळी पौर्णिमेला नारळ वाहिला की मग दर्या खुला. ही गोष्ट काट्याला कुणी सांगितली नव्हती, आणि सांगून त्याला काय कळणार होतं? त्याला सोमवारी आकडा हवा होता.

आमच्याकडे पावसाच्या आधी घरोघर आगोट भरतात. तांदूळ, मसाला, चिंच, सुकी मासळी, चार महिन्यांची बेगमी. मी टोपली घेऊन घराघरात आगोटीतला जवळा मागत फिरले. पहिल्या फेरीत कुणी पैसे घेतले नाहीत. "जयेंद्र तांडेलासाठी ना? ने." हेमांगीने तर मडकं उपडं करून दाखवलं, तळाला चिमूटभरही ठेवला नाही. ती माझ्या धाकट्या दिराची, मोरेश्वरची बायको. भिंतीला भिंत लागून घर. तिची दोन पोरं माझ्याच ओट्यावर रांगली.

दुसऱ्या फेरीत लोकांनी भाव विचारला. तिसऱ्या फेरीत काही दारं मला बघून लागली. मला राग आला, आणि आपल्याला राग यावा याची लाजही वाटली. माणसांनी वर्षाचं खाणं मला द्यावं, असा हक्क मला कुणी दिला होता?

जुलैत केंद्रातली एक पाळी गेली. मग दुसरी गेली. जयेंद्रला आडवं झालं की छातीत पाणी दाटायचं, म्हणून तो भिंतीला टेकून बसूनच झोपायचा. पाय फुगून दगडी झाले. बर्फाच्या तुकड्यांवरून आम्ही भांडलो. त्याला अजून एक हवा होता आणि मी देत नव्हते.

एका रविवारी संध्याकाळी मोरेश्वर आपल्या ओट्यावर जाळं दुरुस्त करत बसला होता, तिथे मी गेले. मी त्याला जा म्हटलं नाही. मी म्हटलं, "भावजी, तुमच्या दादाला आता आठवड्याला एकच पाली." आणि मग म्हटलं, "खाडीच्या तोंडाशी जवला लागलाय असा बोलतान लोक." एवढंच म्हटलं आणि उभी राहिले. यापेक्षा सरळ जा म्हणणं बरं होतं.

त्याने सुई जाळ्यात खोचली. "वैनी, उद्या नाय, पुढच्या सोमवारी सकाली भरतीला काढतो बोट, जवला चुलीवर सुकवू. दादाला सांगू नको."

मी घरी आले आणि मला बरं वाटलं. हेच मला सांगायचं आहे. खाडीच्या तोंडाशी लाटा घराएवढ्या उसळत होत्या, बंदरावर धोक्याचा बावटा लागला होता, आणि मला बरं वाटत होतं.

पुढच्या रविवारी हेमांगी आली. आत आली नाही, उंबऱ्यापाशीच उभी राहिली. जयेंद्र आतल्या खोलीत बसल्या बसल्या डुलकी घेत होता.

"ताई, तू यांना काय बोललीस?"

"मी काय बोलनार? त्यांचा भाऊ हाय. त्यांना वाटला..."

"माज्या तोंडाकडं बघून बोल."

मला तिच्याकडे बघता येईना.

"मी मडका उपडा केला तुज्यासाठी," ती हळू आवाजात म्हणाली. "पोरांच्या तोंडचा काढून दिला. मागितला असतास तर गल्यातला पन दिला असता. पन तुजा कुकू राखाला माजा पुसाला निघालीस? ह्यो कंचा न्याय?"

ती गेली. मी तिथेच खाली बसले. मोठमोठ्या देशांनी आपापसातलं देणंघेणं मिटवायला काढलेला काटा माझ्या घरात येऊन बसला होता. एका पारड्यात माझा नवरा, दुसऱ्यात तिचा. आणि तो तिथे कुणी यंत्राने टांगला नव्हता, मीच आत घेतला होता. तरीही उठून शेजारी जावं आणि मोरेश्वरला नको जाऊ म्हणावं, हे माझ्याच्याने होईना. दोनदा उठले, दोनदा बसले. आतून जयेंद्रच्या श्वासाचा आवाज येत होता.

सोमवारी दुपारी त्याची केंद्रातली पाळी होती. अकराच्या सुमारास रिक्षा दारात आली तरी तो खोलीत नव्हता. मागच्या दारी नव्हता. ज्याला मोरीपर्यंत जायला माझा खांदा लागतो तो माणूस जाणार कुठे? हेमांगी धावत आली आणि नुसता हात धरून मला धक्क्याकडे ओढायला लागली.

धक्क्यावर वारा असा होता की पदर तोंडावर येत होता. मोरेश्वरच्या बोटीचं इंजिन चालू होतं, चार खलाशी खाली मान घालून उभे होते. आणि मागे, सुकाणूपाशी, आपल्या जुन्या जागी जयेंद्र बसला होता. भिंती धरत, थांबत थांबत पोचला असणार; सदरा भिजून अंगाला चिकटलेला. एका हाताने सुकाणू धरलेलं आणि दुसऱ्या हाताने छाती.

"दादा, उतर," मोरेश्वर विनवत होता. "तुजी पाली हाय आज. गाडी थांबलीय."

"बोट माज्या फिल्टरसाठी चाललीय ना? मग तांडेल मीच." जयेंद्रला एकेका शब्दाला थांबावं लागत होतं. "तुमी निघाला की मी पन निघालो. मना पाली नको मंग."

"दादा, येडा झालास काय?"

"मी? मी बरा हाय." तो माझ्याकडे बघून म्हणाला, "ये ग. तुलाच शोधत व्हतो."

मी बोटीला लागून उभी राहिले. लाटेने बोट वर जायची आणि त्याचा चेहरा माझ्या वर, मग खाली जायची आणि माझ्या पायाशी.

"तुमाला कोनी सांगितला?" मी विचारलं.

"भिंत पातल हाय आपली. आनि काल हेमा दारात बोलली तवा मी जागा व्हतो."

मला वाटलं, धक्का दुभंगावा आणि मी आत जावं. त्याने माझ्यावर आवाज चढवला नाही. चढवला असता तर बरं झालं असतं.

"गेल्या पालीला मी खुर्च्यांवरच्या सगल्यांना विचारला," तो म्हणाला. "बोललो, फिल्टर पायजे तर मानसा दर्यान जातील, बंदीच्या दिवसांत. जाऊ द्याचा का? सगले बोलले, नको. ती नवीन पोरगी हाय ना, शालेत शिकवते ती, ती कायच बोलली नाय. खाली बघत बसली." तो थांबला, दम घेतला. "तिचा चुकला नाय. मी तिच्या वयाचा असतो तर मी पन गप बसलो असतो."

 खाडीच्या तोंडाशी पांढरी भिंत उठत होती आणि कोसळत होती. मोरेश्वर माझ्याकडे बघत होता. हेमांगी माझ्याकडे बघत होती. तेव्हा माझ्या लक्षात आलं की ही बोट जयेंद्र थांबवू शकत नाही. मोरेश्वर त्याला उचलून उतरवेल, रिक्षात घालेल आणि भरती आहे तोवर निघून जाईल. दादासाठी जातोय म्हटल्यावर दादाचं ऐकायचं नसतं. तो माझ्या शब्दावर निघाला होता.

"भावजी," मी म्हटलं, "इंजान बंद करा."

"वैनी, पन..."

"मी सांगते ना. मीच बोलले व्हते, मीच सांगते. जवला नको मना. बंद करा."

इंजिन बंद झालं. वाऱ्याचा आवाज एकदम मोठा झाला. हेमांगीने माझा हात धरला होता तो सोडला नाही, पण माझ्याकडे बघितलंही नाही. मोरेश्वर आणि एका खलाशाने जयेंद्रला उतरवलं. धक्क्यावर पाय टेकल्यावर तो म्हणाला, "नारली पुनवेला काय लांब नाय आता. काढू दिवस." केंद्रात किती फिल्टर उरलेत ते त्याला माहीत होतं, मलाही माहीत होतं. पुरवून पुरवून वापरले तरी ते पौर्णिमेपर्यंत पोचत नव्हते.

आम्ही त्याला रिक्षात बसवत होतो तेवढ्यात फोन वाजला. मृण्मयी.

"आई, बारा वाजत आलेत. आकडा?"

मी रिक्षाच्या टपाला धरून उभी राहिले. जयेंद्रने मान मागे टेकून डोळे मिटले होते. तोंड उघडं, ओठ कोरडे. शाळेत शिकवणारी ती मुलगी मला आठवली, जिला मी दोनदाच बघितलं होतं. तिचं नावसुद्धा मी कधी विचारलं नव्हतं.

"आई? काहीतरी सांग. पाच किलो चालेल. दोन चालेल. दोन तर असेल ना कुणाकडे?"

"नाही."

"आई, शून्य टाकलं तर कडी सुटेल. मग माझ्याही हातात काही नाही. तुला कळतंय ना मी काय विचारते आहे?"

"कळतंय."

"बाबा कुठे आहेत?"

"इथेच आहेत. पाळीला चाललो आहोत."

 मग तिने अगदी लहानपणी विचारायची तशा आवाजात विचारलं, "टाकू?"

"टाक," मी म्हटलं. "शून्य टाक, बाळा."

फोन चालूच होता. तिने कळ दाबल्याचा आवाज मला ऐकू आला.